सहीशिवाय कुलूप नाही

किल्लीवाल्याला अटक करू नये, हा न्यायालयाचा तात्पुरता हुकूम आज संध्याकाळी पाचला संपत होता. तो कायम झाला तर घर, नाहीतर कोठडी. फौजदार सकाळपासून दाराशी उभा होता आणि जावयाला न्यायला आल्यासारखा हसत होता.

प्रकरण एवढंच, की किल्ली हरवली म्हणणाऱ्या एका गृहस्थाला याने दार उघडून दिलं. घर दोघा भावांच्या भांडणातलं निघालं. थोरल्याने घरफोडीची फिर्याद दिली. धाकट्याने, आपण कुणाला बोलावलंच नव्हतं, म्हणून कानांवर हात ठेवले. वास्तविक त्याची सही किल्लीवाल्याच्या वहीत होती. सहीशिवाय हा माणूस कुलपाला हात लावत नसे. पण सकाळी सरकारी वकिलांनी ती वही चिमटीत धरून, ही मागाहून घरी बसून भरली नसेल कशावरून, असं विचारलं आणि ती परत केली. आरोपी पळेल का, पुरावे बिघडवेल का, कोठडीत न घेता चौकशी होईल का, हे न्यायाधीशबाईंपुढचे प्रश्न. तिन्ही त्या वहीवर येऊन बसले. निकाल जेवणानंतर.

जेवणानंतर कळलं, की कारकुनाने फाईल कपाटात ठेवली, कुलूप दाबलं आणि किल्ली बेपत्ता झाली. कागद समोर नसताना बाई एका दिवसाचीही मुदत वाढवत नाहीत, अशी त्यांची ख्याती. साडेचार वाजले. कारकून तेच दोन खिसे पाचव्यांदा तपासत होता. हळूहळू साऱ्या दालनाची नजर किल्लीवाल्याच्या पायाशी असलेल्या पिशवीवर आली. हत्यारं जमा करता यावीत म्हणून त्याच्या वकिलांनीच ती आणायला लावली होती.

"ऊठ की," शेजारी बसलेली त्याची ताई कुजबुजली. "लहानपणी माझी पेटी उघडताना एवढा विचार नव्हता केलास."

त्याच्या वकिलांनी मानेनेच नको म्हटलं. भर न्यायालयात झटक्यात कुलूप उघडायचं म्हणजे आपल्याच तोंडाने फिर्यादीची साक्ष द्यायची. आणि न उघडावं, तर फौजदार आहेच. तेवढ्यात बाईंनीच विचारलं, जमेल का.

किल्लीवाला उठला. हात सवयीने पिशवीत गेला आणि वही घेऊन बाहेर आला. नाव, पत्ता, सही. कारकुनाने घाईघाईत लिहून दिलं. किल्लीवाल्याने ते वाचलं.

"कपाट तुमचं?"

"माझं कसलं? न्यायालयाचं."

"मग ही चालायची नाही. मॅडमची लागेल."

त्याच्या वकिलांनी डोळे मिटून घेतले. बाईंनी चष्मा लावला. "आणि मी नाही दिली तर?"

"तर मी खाली बसतो, मॅडम. पाचला हे साहेब नेतील."

बाईंनी वही मागवली आणि पत्त्यासकट सही केली. मग तीच ओळ सरकारी वकिलांपुढे धरली. "हीसुद्धा घरी बसून भरली का हो?"

सरकारी वकिलांना अचानक खोकला आला.

किल्लीवाल्याने कुलपाला कान लावला, तारेचा आकडा आत सारला. एक, दोन, तीन… खट्. फाईल निघाली. तिच्या डोक्यावर किल्ली बसलेली होती.

पाचला दहा मिनिटं असताना अटकपूर्व जामीन मंजूर झाला. दर सोमवारी ठाण्यात हजेरी, दोन्ही भावांशी बोलणं बंद, आणि वही फौजदाराच्या ताब्यात. ताईने भावाच्या पाठीत एक आनंदाचा धपाटा घातला. फौजदाराने वहीसाठी हात पुढे केला.

किल्लीवाल्याने वही दिली नाही. नवी ओळ उघडून त्याच्यासमोर धरली.

फौजदाराने बाईंकडे पाहिलं. बाई खिडकीबाहेर बघत होत्या. त्याने पेन मागितलं.