डाव्या हाताचा चमत्कार

दारासुरमच्या विणकर गल्लीत त्या दिवशी पाय ठेवायला जागा नव्हती. ओट्यांवर माणसं, जिन्यांवर माणसं, आणि मधोमध चौरंगावर मंजळसामी! मंजळ म्हणजे हळद. हळदीत रंगवलेला रेशमाचा ओला तुकडा आजाऱ्यावरून उतरवायचा, त्यावर सामींनी अंगठा दाबायचा, की पिवळ्याचं रक्तासारखं लाल! "अय्यो, सामी!" म्हणत लोक आडवे पडायचे.

"रोग रक्तात नसतो, अम्मा, दृष्टीत असतो," सामी पान चघळत सांगायचे. "औषध घेतलं की दृष्ट आत कोंडते. कपडा पिवळा राहीपर्यंत सुई नको, गोळी नको." वा रे धन्वंतरी!

पण मला हसायचा हक्क नाही, कारण या धन्वंतरीला प्रसिद्ध मीच केलं. मी विशालाक्षी. घरात आमची तंजावरी मराठी, बाहेर तमिळ, आणि बावीस वर्षं टीव्हीवर कुंभकोणमची बातमीदार. पूर दाखवले, मंत्र्यांना घाम फोडला, पण चेन्नईच्या डेस्कनं शाबासकी दिली ती "दारासुरममध्ये अद्भुत!" म्हणून घसा फोडला तेव्हाच. सामींना मी एकही प्रश्न विचारला नव्हता.

आठ दिवसांनी त्याच गल्लीत राजेश्वरीकडे गेले. ती माझ्या साड्या विणते. बघते तर पायाच्या जखमेवर माश्या, तोंड सुकलेलं.

"साखर वाढली का गं?"

"इन्सुलिन बंद केलं, अक्का."

"कोणी सांगितलं?"

"तुम्हीच की! टीव्हीवर तुम्हीच म्हणालात अद्भुत. म्हणून सामींकडे गेले. दोनदा कपडा लाल झाला."

"आत्ताच्या आत्ता सुई घे," म्हटलं. ती ढिम्म. "आधी कपडा पिवळा दाखवा, मग घेते."

मी तडक आमच्या कॅमेरामनला, चंद्रमौलीला गाठलं आणि जुनं चित्रीकरण उघडायला लावलं. तो मितभाषी माणूस, पण सामींचा हात मोठा करून बघता बघता ओरडलाच, "अक्का, हे बघा! दर वेळी अंगठा आधी पानाच्या डब्यात, चुन्यात जातोय. तासाभरात पान खाल्लं एक आणि चुना घेतला चाळीस वेळा!"

"उद्या थेट प्रक्षेपण लाव," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशी मी राजेश्वरीला पुढे बसवलं. सामींनी ताजं भस्म लावलं होतं, केस विंचरले होते. चंद्रमौली डोळा कॅमेऱ्याला लावून गंभीरपणे म्हणाला, "सामी, उजव्या हातामुळे चेहऱ्यावर सावली पडते. डावा वापरा ना, चेहरा झकास येईल."

चेहरा म्हटल्यावर सामी विरघळले. प्रक्षेपण सुरू झालं, आणि डावा अंगठा कपड्यावर पडला.

पिवळा!

सामींनी पुन्हा दाबला. मग घासला. मग फुंकर घातली. कपडा आपला पिवळाच.

"डाव्या हातातली शक्ती," सामी घाम पुसत म्हणाले, "दुपारी झोपते."

"मग उठवा की, सामी! सगळं राज्य बघतंय."

गर्दीत खसखस पिकली. उजवा हात हळूच डब्याकडे सरकला, पण डबा मी आधीच उचलला होता. चुन्यात करंगळी बुडवली आणि कपड्यावर टेकवली. लालभडक!

राजेश्वरीनं कपडा डोळ्यांजवळ नेला आणि कपाळावर हात मारला. "अय्यो! हे तर लग्नातलं आरतीचं पाणी!"

हळदीत चुना कालवून लाल पाण्याचं ताट नवरानवरीवरून ओवाळायचं, ही इथली रीत. त्या गल्लीतल्या बायकांनी अशी शंभर ताटं केली असतील. आपल्या हातानं कालवलं तर चुना, आणि सामींनी लावला की रक्त! एक म्हातारी हसत सुटली, मग सगळी गल्ली. सामी चौरंगावरून उतरले ते चपला न घालताच गल्लीबाहेर.

कानातल्या यंत्रात डेस्क किंचाळत होतं, "जाहिरात लावतोय! गप्प बस!" मी यंत्र उपटून काढलं. "नऊ दिवसांपूर्वी इथूनच मी याला अद्भुत म्हटलं," मी कॅमेऱ्यात बघून म्हटलं. "न तपासता म्हटलं. चूक माझी आहे. कोणी औषध बंद केलं असेल, तर आजच डॉक्टरकडे जा."

राजेश्वरीला रिक्षात घालून सरकारी इस्पितळात नेलं. डॉक्टर जखम पाहून भडकले. "आणखी दोन दिवस गेले असते तर पाय कापावा लागला असता! इन्सुलिन बंद करायला सांगितलं कोणी?"

राजेश्वरीनं माझ्याकडे पाहिलं आणि खाली बघत म्हणाली, "कोणी नाही. माझंच चुकलं."

माझी बातमी, आणि पांघरूण घालते ही! मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"खोटं बोलतेय ती, डॉक्टर," मी म्हटलं. "मी सांगितलं. टीव्हीवरून."

म्हणून बाबांनो, बायांनो, टीव्हीवर सांगितलं म्हणून काही मानू नका, मी सांगते म्हणूनही नको. चिमूटभर हळद घ्या, बोटभर चुना घ्या, आणि स्वतः करून बघा. तेवढंही करायचा कंटाळा आला, तर निदान कोणाची सुई तरी बंद करू नका.