मैदानातली सावड

हरणाबाईचा आवाज माकणीला काही नवा न्हवता. धरणाच्या या काठाला उभी राहून तिनं हाळी दिली की त्या काठाची मेंढरं माना वर करायची. मेंढरंच काय, तिथली माणसंही आपलं काही चुकलं का म्हणून इकडंतिकडं बघायची. लग्न होऊन आली तवापासून सासू, सासरा, नवरा, दीर आणि आता तर सूनसुद्धा तिला एकच गोष्ट सांगत आली होती, की जरा हळू बोला. बाईनं प्रयत्न केला न्हाय असं न्हाय. पण हळू बोलायला गेली की तिला ठसका लागायचा.

असल्या बाईला सरकारनं लेखी परवानगी दिली, की मुंबईला या आणि ओरडा. नशीब म्हणतात ते असं उघडतं.

त्याचं झालं असं. माकणीत जनावरांचा दवाखाना होता. इमारत होती, पाटी होती, झेंड्याचा खांब होता, फक्त डॉक्टर न्हवता. व्हरांड्यात दर साली एक कुत्री व्यायची, तेवढीच काय ती बाळंतपणं तिथं व्हायची. गेल्या हिवाळ्यात हरणाबाईची निम्मी कोकरं हगवणीनं गेली. तिची लाडकी कपिली मेंढी अडली, कोकरू आडवं आलं. उमरग्याच्या डॉक्टरला फोन लावलावून सुनेचा अंगठा दुखला. शेवटी मेंढी हरणाबाईच्या मांडीवर डोकं ठेवूनच गेली. त्यावर बाई दोन दिस जेवली न्हाय. आणि औंदा पुन्हा सगळा कळप गाभण होता, महिन्याभरात व्यायला आला होता. या खेपेला डॉक्टर आला न्हाय तर कळप मोडायचा, असं घरात ठरलंच होतं. मेंढरं गेल्यावर आपण सकाळी उठून करायचं तरी काय, हे हरणाबाईला कुणी सांगत न्हवतं.

गावचा माजी उपसरपंच भागवत हा लोकशाही मार्गानं चालणारा माणूस. लोहाऱ्याला अर्ज झाले, धाराशिवला झाले. मग त्यानं ठरवलं की आता थेट राजधानी, आझाद मैदान. पारावर हात वर करा म्हटल्यावर हातांचं रान उगवलं. जायच्या दिवशी फाट्यावर उभे राहिले तिघं. एक भागवत, एक हरणाबाई आणि एक वजीरभाई, ज्याच्याकडं चार शेळ्या होत्या आणि चाळीस शेळ्यांना पुरेल एवढी जीभ. बाकीच्यांपैकी कुणाची फवारणी निघाली, कुणाचा साडू आजारी पडला.

मैदानात शिरताना फौजदारानं अटी वाचून दाखवल्या. काय बोलायचं ते बोला, तो तुमचा हक्क आहे. फक्त दोरीच्या आत, भोंगा न लावता, आणि दिवस मावळायच्या आत मैदान मोकळं. हरणाबाईनं विचारलं, शिव्या दिल्या तर चालतील का. माणूस भला होता, त्यानं खरंच विचार केला आणि म्हणाला, नाव घेऊन देऊ नका. बाई गहिवरली. एवढी मोकळीक तिला माहेरातसुद्धा मिळाली न्हवती.

पण खरी पंचाईत पुढंच होती. मैदानात जिकडंतिकडं माणसंच माणसं, सगळी आपापल्या मागण्या घेऊन आलेली. जो तो बोलायला आलेला, ऐकायला कुणीच न्हाय. हरणाबाईनं पहिली घोषणा दिली, "माकणीला डॉक्टर द्या!" झाडावरचे कावळे उडाले. तिच्यामागं ओरडायला दोघंच, त्यात भागवतचा आवाज शिकलेला, म्हणजे घशातच राहणारा. कॅमेरावाले आले, तीन डोकी मोजली आणि पुढं गेले. मंत्रालयातून बोलावणं येतं ते गर्दी बघून, हेही कळलं. भागवत निवेदन घेऊन आत जायचा पास काढायला गेला आणि रांगेत अडकला.

"अक्का," वजीरभाई म्हणाला, "हितं सगळेच नवरदेव हायेत. वऱ्हाड कुणालाच न्हाय."

हे ऐकलं आणि हरणाबाईच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. गावाकडं एकेक बैल असणारे दोघं काय करतात? सावड करतात. आज दोन्ही बैल तुझ्या रानात, उद्या माझ्या. मेंढरं कातरायची असली तरी तेच. मग ओरडायची सावड का करू नये?

शेजारच्या मांडवात पन्नासेक साहेब लोक बसले होते. इस्त्रीचे कपडे, पाण्याच्या बाटल्या, मागं भलामोठा फलक. हरणाबाईला वाचता येत न्हवतं आणि वजीरभाईचा चष्मा घरी राहिला होता. साहेब लोकांची घोषणा मात्र ऐकवत न्हवती. "अन्यायकारक बदल्या... रद्द करा" असं ते बँकेत पावती मागावी तसं म्हणत होते. बाई पदर खोचून त्यांच्यात गेली आणि सौदा मांडला. आधी मी तुमच्यासाठी ओरडते, मग तुमी समदे माकणीसाठी ओरडा. माकणीचं नाव निघताच मागच्या रांगेतल्या एका किडकिडीत पोराच्या हातातला चहा सांडला. मुंबईचं ऊन सोसत न्हाय बिचाऱ्याला, असं हरणाबाईला वाटलं. तिनं आपल्या पिशवीतली भाकरी आणि शेंगाचटणी काढून त्याला बळंच खायला लावली. त्यानं मान खाली घालून खाल्ली.

मग तिनं तोंड उघडलं. बदल्या म्हणजे काय, कुणाच्या, कुठं, हे तिनं विचारलं न्हाय. सावडीत दुसऱ्याच्या रानात काय पेरलंय ते बघायचं नसतं. "बदल्या रद्द" असं ती म्हणाली आणि पन्नास साहेबांना आपल्याला फुप्फुसं असल्याचं पहिल्यांदा कळलं. दोरीपलीकडचे लोक थांबले. कॅमेरावाले पळत आले. फौजदार भोंगा शोधायला मांडवात शिरला, बाईकडं बघितलं आणि टोपी सारखी करत परत गेला. दुपार टळायच्या आत मंत्रालयातून माणूस आला, साहेबांचं शिष्टमंडळ आत गेलं आणि हसत बाहेर आलं. बदल्या थांबल्या. हरणाबाईनंही टाळ्या वाजवल्या, हात लाल होईस्तोवर.

तेवढ्यात भागवत घामाघूम होऊन परतला. त्यानं फलक वाचला, पुन्हा वाचला आणि तो खालीच बसला.

"काकू, काय केलंत हे? हे जनावरांचे डॉक्टर आहेत. खेड्यात बदली नको म्हणून बसलेत."

हरणाबाईनं त्या फलकाकडं बघितलं आणि तीही खाली बसली. आपल्याच तोंडानं आपण आपलं रान पेटवून दिलं की. कपिलीचं डोकं तिला मांडीवर जसंच्या तसं जड लागलं आणि एवढ्या माणसांत बाई रडली. वजीरभाईनं आपला रुमाल काढून तिच्या हातात दिला.

डॉक्टर लोक फलक गुंडाळू लागले होते. हरणाबाईनं डोळे पुसले, उठली आणि मांडवाच्या तोंडाशी जाऊन उभी राहिली. सावड राहिलीय, म्हणाली. त्यांच्यातले मोठे साहेब खजील झाले, पण माणसं शब्दाची निघाली. पन्नास जनावरांच्या डॉक्टरांनी एका सुरात मागणी केली की माकणीला जनावरांचा डॉक्टर द्या. पण आपण न्हाय, हे मात्र ज्याचं त्यानं मनात धरलं. कॅमेरावाल्यांना काही उमगेना. मंत्रालयाचा माणूस पुन्हा आला, भागवतच्या हातून निवेदन घेतलं आणि विचार करू म्हणाला. हा विचार म्हणजे काय हे माकणीला चांगलंच ठाऊक होतं.

सगळे ओरडले, एक सोडून. चहा सांडलेल्या पोराचे नुसते ओठ हलत होते. हरणाबाई त्याच्यासमोर गेली, तेव्हा तो आपणहूनच बोलला. त्याचं नाव प्रेम. माकणीला बदली झाली होती ती त्याचीच. सोलापूरला बायकोचे दिवस भरत आलेले, घरात दुसरं कुणी न्हाय. माकणीला राहायला खोली न्हाय, म्हणून तो आला होता.

"तुमची भाकरी खाताना सांगायला हवं होतं, आजी. धीर झाला नाही."

बाईनं त्याच्याकडं बघितलं. राग आला होता तो कुठं ठेवावा ते तिला कळेना.

"सांगितलं असतंस लेकरा, तर मी अजून जोरात ओरडले असते," ती म्हणाली. "पण एक सांग. मी तुझ्यासाठी ओरडले, तुझं रान नांगरून झालं. तुमी माझ्यासाठी ओरडला, माझं ढेकूळ तरी हललं का? नुसते बैल फिरवून आणले म्हणजे सावड फिटत न्हाय."

तेवढ्यात फौजदार मैदान मोकळं करा म्हणत आला. माकणीचे तिघं गाडीत बसले आणि हात हलवत गावी परतले. गावानं हरणाबाईला टीव्हीवर बघितलं होतं, डॉक्टरांची बदली रद्द करा म्हणून गळा ताणताना. नवरा तिच्याशी बोलेना. सुनेनं मेंढरांच्या दलालाला निरोप धाडला.

दलाल यायचा होता सोमवारी. ऐतवारी उजाडायला एक मेंढी अडली. हरणाबाई तिच्यापाशी मांडी घालून बसली होती, गेल्या सालासारखीच, तेव्हा फाट्याकडनं धूळ उडवत एक मोटारसायकल आली. प्रेम उतरला. त्याच्या डोळ्यांत झोप होती आणि पिशवीत पेढे होते, मुलगी झाली होती. पेढे त्यानं वजीरभाईच्या हातात कोंबले, बाह्या वर केल्या आणि गुडघ्यांवर बसला. आत हात घालून त्यानं अडलेलं कोकरू हळूहळू सरळ केलं. मग कोकरू बाहेर आलं, चिकट, लांब पायांचं, आणि शिंकलं. पाठोपाठ दुसरंही आलं. मेंढीनं दोघांना चाटायला घेतलं. हरणाबाईनं तिच्या पाठीवर हात ठेवला तो काढवेना.

प्रेमनं हौदावर हात धुतले. सगळं गाव भोवती गोळा झालं होतं, सूनसुद्धा, तोंडात पेढा धरून. तो हसत म्हणाला, "काय आजी, फिटली का आता सावड?"

हरणाबाईनं कळपाकडं बघितलं. पोटं जमिनीला टेकायला आलेल्या मेंढ्या बाभळीखाली दाटीनं उभ्या होत्या.

"नांगराचं एक तास झालं," ती म्हणाली. "रान अजून लई हाय. पुढच्या ऐतवारी लवकर निघ."