शपथपत्रातलं नाव

सुचिता वकीलबाईंनी शपथपत्राचं चौथं पान पुढे सरकवलं, तसा इंद्रभानने हातातला पेन खाली ठेवला.

"इथं एक नाव लागेल, काका," त्या म्हणाल्या. "पोलिसांनी समोरच्यांची बाजू घेतली, एवढं म्हणून हायकोर्ट तपास दुसऱ्याकडे देत नाही. गीताबाईंचा जबाब बदलला, हे तुम्हाला कोणी सांगितलं?"

इंद्रभान खिडकीबाहेर, कोर्टाच्या आवारात पाहत राहिला.

तो बोलणार नाही, हे शेजारी बसलेल्या जनकाबाईला ठाऊक होतं. त्यांच्या मुलाने, प्रसेनजितने, गायरानावर भगवंतरावांनी केलेल्या अतिक्रमणाची तहसीलमध्ये तक्रार केली, आणि आठवडाभरात तो भगवंतरावांच्याच विहिरीत मेलेला सापडला. भगवंतरावांच्या दोन माणसांनी त्याला मोटारसायकलवर मध्ये बसवून नेताना शेजारच्या गीताबाईने पाहिलं होतं. ठाण्यात तिने तसंच सांगितलं. कागदावर मात्र आलं, की पोरगा एकटाच होता आणि प्यालेला होता.

जबाब लिहून घेणारा शिपाई ज्ञानेश्वर पोस्टमॉर्टेमच्या दिवशी इंद्रभानला बाजूला घेऊन गेला होता. ठाण्याच्या साहेबांनी पहिला जबाब बाजूला ठेवून दुसरा लिहवून घेतला, एवढं सांगून त्याने हात जोडले होते. माझं नाव घेऊ नका, म्हणाला होता.

"नाव नाही सांगता येत," इंद्रभान अखेर बोलला. "शब्द देला हाय मी."

"मग अर्ज टिकणार नाही, काका."

जनकाबाईने पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, पुन्हा गुंडाळलं.

"लिहा," ती म्हणाली. "ज्ञानेश्वर. ठाण्यातला शिपाई. शब्द यायनं देला, म्या नाही देला."

इंद्रभानने तिच्याकडे पाहिलं नाही. सगळ्या पानांवर सह्या केल्या. परतीच्या एसटीत तो तिच्यापासून वेगळ्या बाकावर जाऊन बसला.

चार महिन्यांनी नागपूर खंडपीठाने तपास सीआयडीकडे सोपवला. तोवर ज्ञानेश्वर निलंबित झाला होता. कारण भलतंच दाखवलं होतं. एकदा अमडापूरच्या बाजारात त्याची बायको वंदना दिसली. पोरीचा हात धरून ती उगाच वांगी चाचपत होती, घेत नव्हती. जनकाबाई पिशवी रिकामीच घेऊन घरी आली. त्या दिवसापासून एकच वाक्य ती मनातल्या मनात जुळवत होती. बाबा, तुह्या लेकरायच्या तोंडचा घास म्या काढला, मले माफ कर.

सीआयडीने बुलढाण्याला बोलावलं, त्या दिवशी दोघं नवराबायको व्हरांड्यात बसले होते. आधी इंद्रभानला आत घ्यायचं ठरलं होतं. दार उघडलं, तर आतून ज्ञानेश्वर बाहेर आला. साध्या शर्टात तो वाळल्यासारखा दिसत होता. तिथल्या शिपायाने इंद्रभानला आत नेलं. ज्ञानेश्वर तिच्यासमोर थांबला.

"काकायनं सांगतलं माह्यं नाव?"

"नाही. म्या."

जनकाबाई उठली. वाक्य ओठांवर आलं होतं, पण तोच आधी बोलला.

"देऊन आलो, मावशी. गीताबाईचा पहिला जबाब. माह्याच अक्षरातला. आता साहेबायले नाही म्हणता येत नाही."

"कुठं होता तो?"

"घरीच. कपाटात. साहेब फाड म्हणले होते. मन झालं नाही."

"पहिल्या दिवसापासून?"

"हाव."

जनकाबाई त्याच्या तोंडाकडे पाहत राहिली. प्रसेनजितला जाऊन अकरा महिने झाले होते. अकरा महिने तो कागद कपाटात होता, आणि गावात तिच्या पोराला दारुड्या म्हणत होते. गीताबाईने तर बाहेर पडणंच सोडलं होतं.

ती काहीतरी बोलेल म्हणून ज्ञानेश्वर थांबला होता. त्याचे डोळे भरून आले होते.

जनकाबाई पुन्हा बाकावर बसली. त्याला जाता यावं म्हणून तिने पाय आखडून घेतले.