नसलेला चुरा

मजेला टूहीने तोंडातला घास कागदी रुमालात थुंकला, त्याची पुरचुंडी केली आणि ती कुठे टाकावी हे न कळून मुठीतच धरून ठेवली. अंड्याचं सँडविच होतं. ईस्टरआधीचा उपासकाळ, त्यात शुक्रवार, म्हणून मांस नाही. आणि मांस नाही म्हटल्यावर ड्रमकॅरा गावच्या बायकांना अंड्यापलीकडे काही सुचलं नव्हतं. दुपारीच करून ठेवलेली ती सँडविचं प्लास्टिकखाली घाम गाळत बसली होती. समितीच्या त्या खोलीला खिडकी नव्हती, आणि श्वास घेतला तरी तेच पुन्हा खाल्ल्यासारखं वाटत होतं.

"आणखी एक घ्या ना," फोन्सी मॅकगव्हर्न म्हणाला. हा नाट्यमहोत्सवाचा अध्यक्ष. एरवी गावात कुणी मेलं की शवपेटीपासून फुलांपर्यंत सगळं तोच बघायचा. त्याचे हात गार आणि मऊ होते, आणि ती परीक्षक म्हणून आल्यापासून त्यातला एक तिच्या कोपरावरून हललेला नव्हता. "आमच्या हिने केलीत. डॉलीची भक्त आहे ती. तुम्ही जिन्यावरून पडून गेलात ना, तेव्हा दोन दिवस जेवली नाही."

"मी नाही पडले," मजेला म्हणाली.

"हो, तेच ते. डॉली." आणि मग त्याने ते केलंच. तळहाताच्या कडेने टेबलावरून हात फिरवला, नसलेला चुरा दुसऱ्या हाताच्या ओंजळीत लोटला, ओंजळीकडे डोळे भरून पाहिलं आणि चुरा कोटाच्या खिशात टाकला. मग पोट हलेपर्यंत हसला आणि जमलं का, असं विचारलं.

जमलं, असं ती म्हणाली. तोंडदेखलं हसलीसुद्धा. आपल्याला असं हसता येतं याचीच तिला अलीकडे सगळ्यात जास्त किळस यायची.

वीसएक वर्षं आठवड्यातून दोनदा ती देशभरातल्या घरांत टीव्ही मालिकेतली डॉली म्हणून शिरत होती. वाईट बातमी आली की डॉली टेबलावरचा चुरा गोळा करायची. पहिल्याच आठवड्यात, चित्रीकरण चालू असताना, हात आपलेआपण हलले होते. हे आपोआप सुचलं, असं ती मुलाखतींत सांगायची आणि ते तिला खरंच वाटायचं. सुरुवातीला तिला त्याचा अभिमान होता. मग लेखक मंडळी ते लिहूनच देऊ लागली. कॅमेरा तळहाताजवळ येऊ लागला. तळहाताकडे बघा, संगीत सुरू होईपर्यंत बघत राहा, असं दिग्दर्शक सांगू लागला. मग पोरं रस्त्यात तिला बघून हात फिरवू लागली. एकदा एका पाद्रीबाबांनी प्रवचनात ते करून दाखवलं आणि अख्खं चर्च हसलं. स्वतःच्या घरचं टेबल पुसायचं तरी ती हात लांब करून, फडक्याचं टोक धरून पुसायची.

त्याआधी ती रंगभूमीवरची नटी होती, हे आता कुणाला सांगून खरं वाटलं नसतं. लॉरीतून गावोगाव फिरणारी नाटक कंपनी, नावंही लक्षात न राहिलेली गावं, भाड्याच्या खोल्या, ओल्या गाद्या, मग डब्लिन, आणि डब्लिनमध्ये नाव. घरासाठी कर्ज काढलं आणि मालिका धरली. गेल्या हिवाळ्यात मालिकावाल्यांनी डॉलीला जिन्यावरून ढकललं तेव्हा मजेलाने मनातल्या मनात पेढे वाटले होते. आता सोमवारपासून डब्लिनच्या मोठ्या रंगमंचावर तालमी सुरू होणार होत्या. भूमिका अशी की चांगली केली तर लोक डॉलीला विसरतील, आणि फसली तर तिला मरेपर्यंत डॉलीच राहावं लागेल. दिग्दर्शक पोरसवदा होता. फोनवर फार आदराने बोलला आणि शेवटी म्हणाला, तो चुरा तेवढा घरी ठेवून या. चुरा मेला, असं ती त्याला म्हणाली होती.

घंटा झाली. सभागृहाच्या मधोमध परीक्षकाचं छोटं टेबल होतं, त्यावर झाकलेला दिवा. मजेला बसली तेव्हा आजूबाजूच्या खुर्च्यांतून डॉली, डॉली अशी कुजबुज झाली. तिने वही उघडली आणि कुणाकडे पाहिलं नाही.

आजचं नाटक यजमान गावाचं होतं. एक विधवा, इंग्लंडहून आलेला तिचा मुलगा, आणि त्याने परस्पर विकलेलं घर. विधवेचं काम यूना कॉनबॉय करत होती. ती गुरांची डॉक्टर होती. पन्नाशीची, रुंद खांद्यांची. गाय वाचणार नसेल तर शेतकऱ्याला तसं तोंडावर सांगणारी, असं फोन्सीने कौतुकाने सांगितलं होतं. गावोगावच्या महोत्सवांतले गुण जमवून देशाच्या अंतिम फेरीला जाता यायचं, आणि बारा वर्षांत ड्रमकॅराचं नाटक तिथे गेलेलं नव्हतं. यंदा गेलं तर ते या बाईमुळेच जाईल, असंही तो म्हणाला होता.

आणि बाई खरोखर चांगली होती. ती चहा ओतत होती, बोलत होती, आणि बोलताना अभिनय करत नव्हती. पाऊण तास मजेलाला अंड्याचा वास आला नाही. तिचं पेन वहीवर तसंच पडून होतं.

मग मुलगा म्हणाला, सही करून आलोय. विधवा टेबलाशी उभी होती. तिचा हात मेणकापडावरून फिरला. कडेने, हलकेच. काहीतरी ओंजळीत आलं. ते तिने खिशात घातलं आणि आणखी चहा हवा का, असं मुलाला विचारलं.

मागच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं. मजेलाने पेन उचललं. इतकी चांगली नटी, आणि ऐन वेळी टीव्हीतून उचललेला हा ओंगळ तुकडा. त्यात नक्कलही धड नव्हती. बाईने तळहाताकडे पाहिलंच नाही. थांबली नाही. काम उरकावं तसं उरकलं. चोरी करायची तर निदान नीट तरी करावी, असं मजेलाला वाटलं, आणि तसं वाटल्याचीही शिसारी आली. पुढच्या अंकात बाईने ते आणखी दोनदा केलं. दोन्ही वेळा मजेलाने मान फिरवली.

पडदा पडला तरी घरी जायला कुणी उठलं नाही. कधी उठत नसतं. परीक्षक तिथल्या तिथे, सगळ्यांसमोर काय बोलतो हे ऐकायलाच अर्धी माणसं तिकीट काढतात. नटमंडळी तोंडाचा रंग न पुसता विंगेत उभी राहून ऐकतात, आणि त्यांनी उलट बोलायचं नसतं.

मजेला रंगमंचावर चढली. नेपथ्य चांगलं म्हणाली, मुलाचं काम चांगलं म्हणाली.

"यूना कॉनबॉय यांचा आवाज चांगला आहे," ती म्हणाली. "त्यांचं उभं राहणं चांगलं आहे. आणि मग त्यांनी टेबल पुसायला घेतलं."

लोक हसले.

"हसू नका. मला हसू आलं नाही, किळस आली. टेबलावर पाव नव्हता, चुरा नव्हता. मुलाने घर विकलं म्हटल्यावर नसलेला चुरा गोळा करून खिशात घालणारी बाई या जगात जिवंत नाही. ती फक्त टीव्हीवर होती. मी तिला चांगली ओळखते. ती मेली, आणि बरं झालं मेली. तुमच्याकडे स्वतःचं काही असेल तर ते रंगमंचावर आणा. उसनं आणू नका. आज हे नाटक कुठल्याही अंतिम फेरीला जाऊ शकलं असतं. त्या टेबलापाशी ते संपलं."

टाळ्या पडल्या, पुष्कळ पडल्या. ओकून टाकल्यावर पोटाला बरं वाटतं तसं मजेलाला वाटलं. कितीतरी वर्षांत ती इतकं खरं बोलली नव्हती.

नंतर मागच्या लांब खोलीत चहा होता, आणि तीच सँडविचं. घरच्याच मंडळींना जरा कडक झालं, पण खरं बोललात, असं फोन्सी म्हणाला आणि कोपर धरून तिला टेबलाशी घेऊन गेला. लोक येऊन हात मिळवून जात होते. मजेला चहाच घेत होती.

तेवढ्यात यूना कॉनबॉय आली. तोंडावरचा रंग अर्धा पुसलेला, आणि दंडाला धरून एक म्हातारी. हिरवा कोट, आजच्यासाठी मुद्दाम बसवलेले केस.

"माझी आई, ॲग्नेस," यूना म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. काहीच नव्हतं. "तिसऱ्या रांगेत होती. तिला तुम्हाला भेटायचंच होतं."

फोन्सीने म्हातारीला खुर्ची दिली. बसता बसता ती मजेलाचा हात धरून होती.

"तू मला ओळखायची नाहीस पोरी," ती म्हणाली. "आमच्याकडे राहायला होतीस तू. दुकानावरच्या खोलीत. तुमची ती नाटकाची लॉरी इथे बंद पडली आणि अख्खा हिवाळा अडकून पडलात तुम्ही."

मजेलाला आधी ओल आठवली. भिंतीवरचा हिरवा डाग, गार पलंग. मग आठवलं की त्या खोलीत शेगडी नव्हती आणि ती रोज संध्याकाळी खाली स्वयंपाकघरात जाऊन बसायची, चुलीच्या उबेला. तिथे एक बाई बोलत असायची. तिचा नवरा कामासाठी इंग्लंडला गेला होता आणि त्याची पत्रं यायची थांबली होती. त्या बाईचा चेहरा काही केल्या तिला आठवेना.

"बोलायची नाहीस फारशी," ॲग्नेस म्हणाली. "नुसती बघत बसायचीस. मला बरं वाटायचं हो, कुणीतरी बसलंय म्हणून." मग तिने लेकीकडे पाहिलं. "आणि आज हिला बोललीस ते अगदी बरोबर बोललीस. तालमींपासून सांगत्येय मी हिला, अगं, हे काय घाणेरडं करतेस? घरात एवढं झालंय आणि ही बाई टेबल पुसत बसल्येय. कोण करतं असं?"

बोलता बोलता तिने कप खाली ठेवला. तळहाताच्या कडेने तिचा हात टेबलावरून फिरला, हलकेच, काम उरकावं तसा. जे नव्हतं ते ओंजळीत आलं आणि हिरव्या कोटाच्या खिशात गेलं. तिने तिकडे पाहिलं नाही. फोन्सीच्या बशीशी सँडविचचा खरा चुरा सांडला होता, त्याला तिने हात लावला नाही.

मजेलाने वर पाहिलं. यूना तिच्याकडेच बघत होती.

फोन्सी म्हातारीच्या चहात साखर घालत होता तेवढ्यात यूना मजेलाच्या कानाशी वाकली. डॉली टीव्हीवर लागली की आम्ही भावंडं एकमेकांकडे बघायचो, असं तिने सांगितलं. आपणही तेच करतो, हे आईला आजवर कळलेलं नाही. विंगेत उभं राहून यूनाने ते सगळं ऐकून घेतलं होतं, आणि उलट बोलायची परवानगी असती तरी ती बोलू शकली नसती. आई तिसऱ्या रांगेत होती.

"मग," यूना सरळ होत मोठ्याने म्हणाली, "पुढच्या आठवड्यात शेजारच्या महोत्सवात आहोत आम्ही. तिथे गुण मिळाले तर अजून अंतिम फेरी आहे. हे काढून टाकू का?"

मजेलाने म्हातारीकडे पाहिलं. उद्याच्या नाटकानंतर पुन्हा त्याच रंगमंचावर उभं राहून शब्द मागे घ्यायचे आणि का ते सांगायचं, तर हे हात कुणाचे ते सांगावं लागलं असतं. अख्खं गाव वळून तिसऱ्या रांगेकडे बघणार. त्यानंतर ही म्हातारी स्वतःच्या टेबलाशी कधी निवांत बसू शकली नसती. कुणाचं नाव न घेता, चूक आपली होती, एवढंच सांगता येणार होतं. आणि सोमवारी जे घरी ठेवून यायचं होतं, ते तिचं कधी नव्हतंच. तळहाताकडे बघणं, तेवढं तिचं.

"काढू नका," ती म्हणाली. "आज केलंत तसंच करा."

"पण मघाशी तर तुम्ही..." फोन्सी म्हणाला.

"मघाशी मी चुकले. उद्या सगळ्यांसमोर तसं सांगेन. उसनं माझं होतं, यांचं नाही."

फोन्सीला त्यातलं काही कळलं नाही. त्याने मान डोलावली आणि सँडविचची बशी पुढे सरकवली.

"माझ्याकडे बघून हिला सोडू नकोस हं," ॲग्नेस म्हणाली. तिला मात्र एक गोष्ट छळत होती. "पण पोरी, तू ते आणलंस कुठून गं? टीव्हीवर तूच आधी केलंस ना?"

हा प्रश्न मजेलाला शेकडो वेळा विचारला गेला होता आणि आपोआप सुचलं, हे त्याचं उत्तर तिला पाठ होतं. आज तिने ते दिलं नाही.

"एका बाईचं पाहून," ती म्हणाली.

"खऱ्या बाईचं?"

"हो."

"म्हणजे असं करणारी कुणी आहे?" म्हातारीला खरंच वाईट वाटलेलं दिसलं. "आणि तिला माहीत आहे का, सगळा देश तिला हसतो ते?"

"नाही."

"मग सांगू नकोस तिला कधी," ॲग्नेस म्हणाली. "लाजेने मरेल बिचारी." तिचा हात पुन्हा टेबलाच्या कडेला आला होता.

"नाही सांगणार," मजेला म्हणाली, आणि यूनाने नजर खाली वळवली.