टाचणी काढलेली जागा

मी एक जुना जगाचा नकाशा आहे. अंगाला कापडाचं अस्तर, वर-खाली काळ्या लाकडाच्या दांड्या, आणि अंगभर टाचण्यांची बारीक भोकं; त्यातलं एक इटली नावाच्या देशात. मित्रांनो, त्या भोकाची गोष्ट सांगितल्याशिवाय माझा जीव शांत व्हायचा नाही.

वाईच्या खाली कृष्णाकाठी आमचं गाव. तिथल्या शाळेत मी नवाकोरा आलो, तेव्हा मुलं माझ्याकडं देवाच्या तसबिरीकडं बघावं तशी बघायची. गुरुजी छडीचं टोक फिरवून देश दाखवायचे. निम्मं जग तांबड्या रंगात होतं, कारण ते एकाच राजाचं, आणि आपलं गावही त्याच तांबड्यात बुडालेलं. मला तेव्हा या रंगाचा अभिमान वाटायचा. आता आठवलं की शिसारी येते.

मग तिकडं युरोपात देशांचे लचके तोडणं सुरू झालं. आज ऑस्ट्रिया गिळला, उद्या पोलंड दोघांनी वाटून घेतला. गुरुजी वर्तमानपत्र वाचून माझ्यावर पेन्सिलीनं रेघ मारायचे, महिन्यानं तीच पुसून दुसरी मारायचे. मित्रांनो, जत्रेत बोकडाचे वाटे घालतात तेही भुकेपोटी घालतात. या भरल्या पोटाच्या राज्यकर्त्यांना कसली भूक होती, ते मला अजून समजलेलं नाही.

मला सुख व्हायचं ते शनिवारी. नाथाजीबुवा दुपारी मारुतीच्या देवळात कीर्तनाला उभे राहायचे आणि मला मागं टांगायला मागून न्यायचे. पूर्वरंगात अभंग, उत्तररंगात आख्यान, आणि मधेच माझ्याकडं वळून म्हणायचे, "ह्यो एवढा पसारा, पण पांडुरंगाच्या विटंवर मावतो बरं का." टाळांच्या नादानं माझ्या दांड्या थरथरायच्या. त्या घटकेला मला कुठलीच सीमा टोचत नसे.

लढाई पेटली आणि बाळासोंनी मला शाळेतून उचलून चावडीत नेलं. हे गावचे मोठे बागायतदार. पलटणीत पोरं भरती करून द्यायचं काम त्यांनी अंगावर घेतलेलं. त्यांना रावसाहेब व्हायचं होतं. ते माझ्यावर बोट ठेवून तरण्या पोरांना सांगायचे की लढाई म्हणजे फुकटात जगाची सहल. एक पोर गेलं की एक टाचणी माझ्या अंगात. आफ्रिकेत सात, ब्रह्मदेशात अकरा, इटलीत चार. पाहुणे आले की बाळासो टाचण्या मोजून दाखवत, जसा एखादा आपल्या गोठ्यातली जनावरं दाखवतो. टोचल्याचं दुःख नव्हतं, मित्रांनो. त्या बोटांचीच किळस यायची.

पण त्याच टाचण्यांच्या पायथ्याशी गावच्या बाया येऊन कुंकू लावायच्या. शालूबाई तर दर गुरुवारी. तिचा हंबीरराव इटलीत होता. तिचे मालक रानात राबायचे, म्हणून चावडीत तीच यायची. तिला अक्षर येत नव्हतं. बुटासारखा देश, त्याच्या घोट्याजवळची टाचणी, एवढं तिनं डोळ्यांत धरलेलं. बोट टेकवायची आणि हळूच विचारायची, "जेवलास का रं?"

एकदा आकाराम डावा हात गमावून आफ्रिकेतून घरी आला. बाळासोंनी त्याची टाचणी काढून टाकली. त्या दिवसापासून बायांनी मनाशी ठरवलं की टाचणी निघाली म्हणजे पोर घराकडं निघालं. ही समजूत चुकीची आहे, असं त्यांना कुणी सांगितलं नाही.

चव्वेचाळीसच्या भादव्यात तार आली. गावातलं सगळं टपाल बाळासोच वाचून दाखवायचे, म्हणून टपालवाल्यानं ती त्यांच्याच हाती दिली. ती शालूबाईची होती. बाळासोंनी वाचली, घडी करून कोटाच्या खिशात ठेवली, आणि हंबीररावाची टाचणी उपसली. हिशेबाला ते फार चोख होते. मेलेला माणूस त्यांना यादीत नको होता.

पुढच्या शनिवारी जिल्ह्याचे मोठे साहेब गावात येणार होते. देवळापुढं मांडव, बुवांचं कीर्तन, मग बाळासोंचा गौरव. अशा वेळी गावात रडारड नको, एवढाच त्यांचा विचार.

गुरुवारी शालूबाई आली. तिचं बोट घोट्याजवळ फिरलं, पुन्हा फिरलं. टाचणी नाही. ती वळली तेव्हा तिचा चेहरा असा उजळला होता की मला स्वतःला गुंडाळून घ्यावंसं वाटलं.

"आवं बाळासो, माजा हंबीर निगाला व्हय?"

खिशात तार होती. बाळासोंनी पानाला चुना लावत मान हलवली. "व्हय. बोटीत बसला आसंल."

मी ओरडलो असतो, मित्रांनो, पण कागदाला तोंड नसतं. तिनं घरोघर गूळ वाटला. मालकांनी दारापुढचा कट्टा सारवायला शेण आणलं.

आमच्या गावात एक रिवाज होता. आनंदाची बातमी आली की आरतीच्या आधी बुवा आपली वीणा बातमी आणणाऱ्याच्या गळ्यात घालत, आणि त्यानं ती देवापुढं स्वतःच्या तोंडानं सांगायची. वीणा गळ्यात असताना खोटं बोलायचं नाही, हे तान्ह्या पोरालाही ठाऊक.

शनिवारी मांडव भरला. मी बुवांच्या मागं टांगलेला, साहेब खुर्चीवर, बाळासो नवा फेटा बांधून शेजारी. कीर्तन रंगलं आणि आरतीच्या आधी शालूबाई उभी राहिली. म्हणाली, माझा हंबीर येतोय, बातमी बाळासोंनी दिली, त्यांच्या गळ्यात वीणा घाला.

बुवा हसत पुढं झाले आणि वीणा त्यांच्या गळ्यात घातली. टाळकरी थांबले. "बोला बाळासो. बोट कवा लागतीया?"

बाळासोंनी साहेबांकडं पाहिलं. मग मारुतीकडं. वीणेच्या तारेवर त्यांचं बोट लागलं आणि ती नको तशी वाजली. खालच्या आवाजात ते म्हणाले, "साहेबांची गाडी जाऊ द्या बुवा, मग सांगतो."

मांडवात कुणालाही पुढचं विचारावं लागलं नाही. शालूबाईच्या मालकांनी डोक्याचं मुंडासं काढून मांडीवर ठेवलं. आकाराम उठला, एका हातानं बाळासोंच्या गळ्यातली वीणा काढून बुवांना दिली आणि म्हणाला, "ही धुऊन घ्या."

शालूबाई रडली नाही. माझ्यापाशी आली. बोटानं भोक सापडलं. बुवांच्या तबकातला काळा बुक्का तिनं चिमटीत घेतला आणि जुन्या कुंकवावर लावला. मग माझ्याकडंच बघत विचारलं, "ह्या मुलकाचं आन् आमचं काय वाकडं हुतं?"

साहेबांनी टोपी घातली. ते गाडीकडं निघाले.

रावसाहेबीची सनद बाळासोंना त्यानंतरही मिळाली. पुढं तीनच वर्षांत स्वातंत्र्य आलं, तेव्हा चावडीवर झेंडा चढवायला पांढरी टोपी घालून सगळ्यांत पुढं तेच. आदल्या दिवशी त्यांनी मला उकिरड्यावर फेकायला लावलं होतं. माझ्या अंगावरच्या भोकांची त्यांना आता अडचण होत होती. नाथाजीबुवांनी मला उचललं, राख झटकली आणि देवळात टांगलं.

आता माझ्यावरचे रंग खोटे झाले आहेत. शाळेत नवा नकाशा आला आहे. त्याच्यावरही तुम्ही रेघा माराल, राज्यं जिंकाल, बोटं नाचवाल. माझी एवढीच विनवणी आहे, मित्रांनो, बोट टेकवण्याआधी त्या जागी कुणाचं पोर उभं आहे का, ते विचारा. शालूबाई अजून दर गुरुवारी येते. घोट्याजवळ बुक्का लावते. तो भोकातून मागच्या भिंतीवर सांडतो, आणि भिंतीवर आता बोटाएवढा काळा डाग पडला आहे. पुजाऱ्यानं दोनदा चुना फासला. डाग पुन्हा वर आला. आता तो त्याला हात लावत नाही.