पाण्याला हाक मारणारा भोपळा

मी एक जुना भोपळा आहे, मित्रांनो. परीक्षेत मिळतो तो नव्हे हो, वेलीवर लागलेला खराखुरा. हसायचं ते आत्ताच हसून घ्या. पुढं हसायला फारसं काही नाही.

मंगळवेढ्याकडच्या रानात मी वाढलो, उन्हात वाळलो आणि तंबोरा व्हायचं म्हणून मिरजेला आलो. पण माझी मान निघाली वाकडी. दुकानदाराने मला अडगळीत फेकलं. तिथून मला तवनाप्पाने उचललं. तो त्या दुकानात तारा लावायचा आणि त्याच्या डोक्यात सारखं काहीतरी शिजत असायचं. "मान वाकडी असंना का, पोट लय झ्याक हाय गड्या तुजं," असं म्हणून त्याने माझ्यावर थाप मारली. ते माझं पहिलं कौतुक. मी तिथंच त्याच्यावर भाळलो.

त्याची वाडी कवठे महांकाळच्या पलीकडे, माळावर. आपल्या मुलखात हाक घातल्याशिवाय विहिरीचं पाणी वर येत नाही, हे तुम्हाला मी काय सांगायचं? मोटर बसवा, पाइप टाका, हाक नाही तर थेंब नाही. भर उन्हात काठावर उभं राहून घसा फोडायचा, तेव्हा कुठं कळशी भरायची. पण तवनाप्पाच्या बायकोचा, त्रिशलाबाईंचा, आवाज काही औरच होता. त्यांनी "ये गं बाई, वर ये" म्हटलं की पाणी लेकरासारखं धावत यायचं. साऱ्या आळीसाठी त्याच हाक घालायच्या.

त्यांचं ऊन वाचावं म्हणून तवनाप्पा झटत होता. हे मात्र खरं, उगाच कशाला खोटं बोलू? आवाज साठवायचा आणि हवा तेव्हा सोडायचा, ही त्याची युक्ती. आधी त्याने शेजारच्या हरणाबाईच्या शेळीवर प्रयोग केला. शेळी एका छोट्या भोपळ्यात ओरडली आणि मुकीच झाली. हरणाबाईने त्याचा असा उद्धार केला की विचारू नका. शेवटी त्याने तो भोपळा दगडावर आपटला. भोपळा फुटला, आणि शेळी पुन्हा ब्यां ब्यां करू लागली. म्हणजे उपाय त्याला ठाऊक होता. एवढं लक्षात ठेवा.

मग त्याने मला आतून लाखेचा लेप दिला, बूच बसवलं आणि बायकोला म्हणाला, "आता न्हाई जायचा तुजा आवाज. घाल हाक." त्रिशलाबाईंनी माझ्या तोंडाशी तोंड लावून हाक घातली. मान वर केली, तर ओठ हलत होते आणि आवाज नव्हता. तो सगळाच्या सगळा माझ्या पोटात येऊन बसला होता.

तवनाप्पाने हातोडी घेतली. तेवढ्यात द्राक्षबागवाला मानसिंग तिथं आला. त्याने माझं बूच जरासं सैल करून पाहिलं आणि विहीर काठोकाठ भरली. पाणी माघारी जाईचना.

"फोडतोस? येडा हायस का रं, आप्पा?" मानसिंग म्हणाला. "समदी वाडी हिरवीगार हुईल. तुझं नाव सांगलीपातूर जाईल!"

नाव! त्या एका शब्दानं घात केला. तवनाप्पाने हातोडी खाली ठेवली. "पावसापातूर दम धर," असं तो बायकोला म्हणाला, आणि तिच्या डोळ्यांत न बघता म्हणाला.

लोक विचारू लागले, वैनी बोलत का नाहीत? पर्युषण जवळ आलं होतं. कुणीतरी म्हणालं, "मौन धरलं असंल." तवनाप्पाने मान डोलावली. मेल्याने चक्क मान डोलावली! त्रिशलाबाई जिवाच्या आकांताने नाही नाही म्हणून मान हलवत होत्या. लोकांना वाटलं, बाईला कौतुकसुद्धा नको. मग तर बायका रांग लावून त्यांच्या पाया पडल्या.

पर्व संपलं आणि क्षमेचा दिवस आला. सारे एकमेकांना हात जोडून "उत्तम क्षमा" म्हणत होते. तवनाप्पानेही चारचौघांत बायकोपुढे हात जोडले. "माझं काय चुकलं असंल तर क्षमा कर." त्रिशलाबाईंनी तोंड उघडलं. नुसती हवा आली. मग त्यांनी दगड उचलला आणि थेट माझ्याकडे धावल्या. मी म्हटलं, सुटलो! पण माणसांनी त्यांचे हात धरले.

हरणाबाईला मात्र उमगलं. ती ओरडली, "आवं, मौन कसलं? तिचा आवाज त्या भोपळ्यात हाय! माझ्या शेळीचं झालं तसंच! फोडा त्यो!"

मानसिंग शांतपणे म्हणाला, "फोडा की. उद्यापासनं उन्हात हाक घालायला कोन उभं ऱ्हानार, तेवढं सांगा."

कुणी खाली बघू लागलं, कुणी मोबाइलमध्ये. हरणाबाईने आपल्या भरलेल्या कळश्यांकडे पाहिलं. पदर नीट केला आणि तीही घरी गेली.

पुढं तवनाप्पाला शाल मिळाली, नारळ मिळाला. कुणी त्याला भगीरथ म्हणतं, कुणी चोर. दोघंही पाणी माझंच पितात. मला विहिरीजवळ चौथऱ्यावर ठेवलंय आणि भोवती जाळी बसवलीय. तडा जाऊ नये म्हणून तवनाप्पा स्वतः मला तेल लावतो. लावताना पुटपुटतो, "लय जपलंय तुला." रोज बूच निघतं, माझ्या तोंडून "ये गं बाई, वर ये" येतं आणि पायरीवर बसलेल्या त्रिशलाबाई आपलाच आवाज ऐकतात. त्यांचे केस पिकले. आवाज अजून तरणाच आहे.

मित्रांनो, जुन्या वस्तू शेवटी हात जोडून सांगतात, आम्हाला जपा. मी सांगतो, मला जपू नका. सहलीला आलात की तुमचे गुरुजी म्हणतील, हात लावू नका. मान डोलवा. पण जाळीचं भोक दगड जाण्याइतकं मोठं आहे. मी फुटलो तर विहीर खाली जाईल, तुम्हाला तहान लागेल. मग उन्हात उभे राहा आणि हाक घाला. गळा तुम्हालाही आहे.

नेम धरताना फक्त पायरीकडे एकदा बघा. हाताशी दगड ठेवून ती बाई कधीची वाट बघतेय. तिला आता जाळीपर्यंत चालवत नाही.