परदेशीपुऱ्यात कोळी मारत नाहीत

मारायचा नाही. सासूबाईंचा, म्हणजे कांताबाईंचा नियम: रोज पंचशील म्हणायचं आणि वर झाडू उचलायचा, हे या घरात चालणार नाही. कोळ्यावर ग्लास ठेवायचा, खालून कागद सरकवायचा, बाहेर सोडायचा.

मला कोळ्याची भीती वाटते. यांना, ज्ञानदीपना, माझ्याहून जास्त.

म्हणून प्रीती.

समोरच्या फ्लॅटमधली. येते, ओढणी कमरेला खोचते, स्टुलावर चढते. हे स्टूल धरतात. स्टूल डगमगत नाही, तरी धरतात. म्हणतात, प्रीतीजी, तुमचा हात जरा हलत नाही. माझ्या हाताबद्दल नऊ वर्षांत एवढंच ऐकलंय की मीठ जास्त पडतं.

(चहा मी करते. तिच्या कपात वेलची टाकायची आठवण हे करतात.)

तर मग

मी खिडक्यांना बारीक जाळी ठोकली. नळाच्या पाइपाभोवतीचं भोक पांढऱ्या सिमेंटने बुजवलं. माळ्यावरचे खोके भंगारवाल्याला. दाराखाली रबराची पट्टी. गॅलरीतला दिवा बंद, कारण दिव्याला किडे, किड्यांना कोळी, कोळ्याला

प्रीती.

वीस दिवस एकही नाही. हे ऑफिसातून येऊन छताकडे बघायचे. म्हणायचे, घर कैसा सूना-सूना लगता है.

शनिवारी हे दुपारीच आले. मी यांचा ऑफिसचा डबा घासायला घेतला. तेवढ्यात हॉलमधून मोठ्यानं: "कीर्ती, कोळी निकला! प्रीतीजींना बोलावतो हं."

आवाजात भीती नव्हती.

माझ्या हातात डब्याचा वरचा खण. रोज त्यात लोणचं असतं. आज तो आतून पुसलेला, कोरडा. कडेला जाळ्याचा एक धागा.

ग्लास मीच उचलला. कुणाची तरी लग्नपत्रिका घेतली. हात इतके हलत होते की ग्लास भिंतीवर वाजत होता. पण बसला. पत्रिका सरकली.

ग्लास यांच्यापुढे टेबलावर ठेवला.

"कुठून आणलात?"

"भिंतीवर होता ना."

"लोणच्याच्या खणात होता. कुठून?"

आतल्या खोलीत सासूबाईंचा टीव्ही बंद झाला.

"ऑफिसच्या रेकॉर्ड रूममधून."

"किती आणलेत असे?"

"हा पहिलाच," हे म्हणाले. "वीस दिवस झाले ना."

मी म्हटलं, उचला. जिथून आणलात तिथे सोडून या. यांचे दोन्ही हात ग्लासाला चिकटलेले, म्हणून दार मी उघडलं. हाक ऐकून प्रीती बाहेर आलीच होती.

"आज नको, प्रीतीजी," मी म्हटलं. "आज हेच जातायत सोडायला."